चार माणसांची घरभरणी

माझ्या शॉर्टहँडच्या वहीची शेवटची पानं मी वेगळ्याच कामाला लावली होती. ज्या बोलण्यात 'बिग', 'स्मॉल' किंवा तसलंच काही माप आहे, असं इंग्रजी कानावर पडलं की ते मी तिथं देवनागरीत टिपून ठेवायचे आणि शेजारी अर्थासाठी जागा सोडायचे. बिग बॉस. बिग शॉट. स्मॉल वर्ल्ड. नो बिग डील. किंग साइज. यादी वाढत गेली आणि अर्थाची जागा बरीचशी कोरीच राहिली.

तेव्हा मी वीस-एकवीस वर्षांची होते. सत्तरचं दशक संपत आलं होतं. आमचं घर शिरवणे गावात आणि माझी नोकरी तुर्भ्याच्या कारखान्यांच्या पट्ट्यात. शिरवण्यातून टायपिंगची परीक्षा पास झालेली पहिली मुलगी मी, आणि या गोष्टीचा मला भारी तोरा होता. आमची भातशेती नव्या शहरासाठी सरकारने घेतली होती. बाबा मिळेल तिथं रोजावर जायचे आणि घरी आले की गप्प बसायचे. पत्र्याचे डबे बनवणाऱ्या एका कारखान्यात मला टायपिस्ट म्हणून घेतलं, पण सहा महिन्यांच्या बोलीवर. सहा महिन्यांनी पर्मनंट करायचं की घरी पाठवायचं ते ठरणार होतं.

जागा एक होती आणि आम्ही दोघी होतो. दुसरी मुलगी वाशीची, इंग्रजी शाळेत शिकलेली. तिचं टायपिंग माझ्यापेक्षा हळू होतं, पण साहेबांशी बोलताना ती अडखळायची नाही. मी प्रत्येक वाक्य आधी मनात जुळवायचे आणि ते जुळेपर्यंत साहेब दुसऱ्या टेबलापाशी पोचलेले असत. घरात महिन्याच्या महिन्याला पगार आणणारी मी एकटीच होते. ती नोकरी टिकायला हवी होती, बस्स. बाकी मला काही नको होतं.

डोकं फिरायचं ते या मोठ्या-लहानाने. आमच्या कारखान्याच्या लेटरहेडवर 'स्मॉल स्केल युनिट' असं छापलेलं होतं. तो कागद मी दिवसातून दहा वेळा मशीनला लावायचे आणि दहा वेळा चिडायचे. कारण ते 'स्मॉल' कुठून कुठवर पसरलंय, हे मला चांगलं ठाऊक होतं. गेटपासून मागच्या पाण्याच्या टाकीपर्यंत आमच्या मोठेबाबांची खाचरं होती. मोठेबाबा म्हणजे माझ्या वडिलांचे थोरले भाऊ. साहेबांची केबिन जिथे होती, तिथली पट्टी सगळ्यात कसदार, असं ते सांगायचे. लावणीला सगळी भावकी वाकली तरी चार-चार दिवस जी जागा उरकायची नाही, तिला हे लोक स्मॉल म्हणत होते.

आणि डब्यांचं भलतंच. आमच्याकडे 'स्मॉल' डबा नव्हताच. सगळ्यात लहान डब्याला 'रेग्युलर' म्हणत, त्याच्या वरच्याला 'फॅमिली' आणि सगळ्यात मोठ्याला 'जम्बो'. मी त्या दुसऱ्या टायपिस्टला विचारलं, फॅमिली म्हणजे नेमका केवढा? ती हसून म्हणाली, "अगं, चार जणांना पुरेल एवढा." आमच्या घरात सकाळच्या चहालाच अकरा कप लागायचे. चार जणांचं असं काय असतं, ते मी दवाखान्याच्या भिंतीवर पाहिलं होतं. लाल त्रिकोण, आई, बाप, एक मुलगा, एक मुलगी. स्मॉल फॅमिली. चौघंही हसत असत आणि त्यांच्या मागे कोणी आजी, काकू, चुलता उभा नसे. ही माणसं सणाला कोणाकडे जातात, असा प्रश्न मला पडायचा.

बाहेर पडलं तरी सुटका नव्हती. सिगारेटच्या पाटीवर 'किंग साइज', सिनेमाच्या पोस्टरवर 'बिग हिट', वाशीच्या बायका भाजी घ्यायला उतरायच्या त्या 'मॅक्सी' घालून, आणि नाक्यावरून सुटायची ती 'मिनी' बस, जिच्यात पाय ठेवायला जागा नसायची. सगळ्या गावाने गजपट्टी हरवल्यासारखं चाललं होतं.

आमचे साहेब मद्रासकडचे. माणूस वाईट नव्हता. मराठी मोडकं बोलायचे, पण बोलायचे. एकदा प्रेसवर काम करताना एका कामगाराच्या बोटाचं पेर गेलं. साहेब हेड ऑफिसला फोनवर म्हणाले, "स्मॉल प्रॉब्लेम." त्याच दुपारी कँटीनचा चहा पुळकवणी आला, तेव्हा ते केबिनमधून ओरडले, "धिस इज अ बिग प्रॉब्लेम!" मी दोन्ही वाक्यं वहीत लिहिली आणि बराच वेळ बघत बसले. मला काही टोटल लागेना. आमच्या घरात मोठा म्हणजे आधी जन्मलेला आणि धाकटा म्हणजे मागून आलेला. मोठ्याच्या आधी ताटावर बसायचं नाही, मोठ्याला सोडून कुठल्या कार्याला जायचं नाही. यात न कळण्यासारखं काही नव्हतं.

सहावा महिना लागला तेव्हा एका शुक्रवारी साहेबांनी आम्हा दोघींना केबिनमध्ये बोलावलं. वाशीला त्यांनी नवा फ्लॅट घेतला होता.

"संडेला हाउसवॉर्मिंग आहे," ते म्हणाले. "स्मॉल गेट-टुगेदर. नथिंग बिग. फॅमिलीला घेऊन या." मग मान खाली घालून कागद चाळत म्हणाले, "हेड ऑफिसचे बिग बॉस पण येणार. त्यांना भेटून घ्या. तुमचा दोघींचा पेपर त्यांच्याकडेच आहे."

म्हणजे आमचा निकाल त्या रविवारी लागणार होता. मी घरी जाताना वाटभर इंग्रजी वाक्यं जुळवत गेले.

रात्रीची जेवणं व्हायच्या आधी मोठेबाबा ओटीवर येऊन बसायचे. आमच्या चुली दोन, पण ओटी एक. मी बाबांना सांगितलं, साहेबांची वाशीला घरभरणी आहे, आपल्याला बोलावलंय. हाउसवॉर्मिंगला दुसरा शब्द मला तरी कुठे ठाऊक होता?

"किती मानसं बोलावलीत?" मोठेबाबांनी विचारलं.

"फॅमिली," मी म्हटलं. "म्हणजे आई, बाबा, मी आणि भाऊ. चार."

"घरभरनीला चार?" मोठेबाबांनी बाबांकडे पाहिलं. बाबांनी माझ्याकडे.

आमच्याकडे घरभरणी म्हणजे नवं घर माणसांनी भरायचं. पहिल्या दिवशी जेवढं भरेल, तेवढं ते पुढे भरलेलं राहतं अशी समजूत. भावकीतल्या मोठ्याने पायलीभर न कांडलेलं भात आणून आतल्या कोपऱ्यात ओतायचं, मग बाकीच्यांनी आत यायचं, पोरांनी घरभर नाचायचं, आणि शेजारपाजाऱ्यांना उंबऱ्यावर तरी जागा मिळालीच पाहिजे. मोजकी माणसं जातात ती मयताच्या घरी.

"परमुलखातला मानूस," मोठेबाबा म्हणाले. "हितं त्याचं कोन हाय? त्याचं घर कोन भरनार? आपून जाऊ. सगलीच जाऊ."

"मोठेबाबा, त्यांनी स्मॉल म्हणून सांगितलंय. छोटंसं आहे."

"मोटं हाय म्हनून कोन सांगतं गो? बोलावनारा थोडकंच बोलतो. मीठभाकर खायला या, असं आमी बोलतो. मग काय मीठभाकर वाढतो?"

हे अगदी खरं होतं. बोलावताना जेवढं कमी सांगावं तेवढा बोलावणारा खानदानी, हे मी लहानपणापासून बघत आले होते. शिवाय साहेबांच्या तोंडी 'स्मॉल' म्हणजे लहानच असतं, असं मी कशाच्या जोरावर सांगणार होते? पेर तुटलं तेही त्यांना स्मॉलच होतं. कदाचित मोठेबाबांनाच साहेब बरोबर कळले असतील, असंही मला वाटून गेलं.

शनिवारी मी केबिनच्या दाराशी जाऊन उभी राहिले. 'सर, हाउ मेनी पीपल?' एवढंच विचारायचं होतं. साहेब फोनवर होते. त्यांनी हाताने थांबायची खूण केली. मी थोडी थांबले, वाक्य मनातल्या मनात चार वेळा म्हटलं, आणि परत आपल्या टेबलाशी जाऊन बसले. एवढ्याशा भित्रेपणाचा मला आजही राग येतो.

रविवारी दुपारी विटांचा टेंपो धुऊन दारात उभा राहिला. तीस-बत्तीस माणसं असतील. बायकांनी ठेवणीतली लुगडी नेसली होती, केसांत अबोलीच्या वेण्या होत्या. पोरांचे भांग तेलाने चपचपलेले. मोठेबाबांनी पांढरा सदरा आणि टोपी घातली होती आणि मांडीवर फडक्यात बांधलेलं भात होतं. ते कुठलं, हे सगळ्यांना माहीत होतं. जमीन गेली त्या वर्षी पेरणीसाठी काढून ठेवलेलं बियाणं होतं ते. पेरणी झालीच नाही. तेव्हापासून ते मोठेबाबांनी मडक्यात राखून ठेवलेलं, कोणाला कांडू दिलं नव्हतं. त्यातलं पायलीभर त्यांनी साहेबांसाठी काढलं होतं.

"त्याच्या कारखान्याच्याच जागंतलं हाय," ते मला म्हणाले. "त्याच्या घरात बरकत दील."

फ्लॅट दुसऱ्या मजल्यावर होता. दाराला आंब्याची पानं, पुढे पांढरीशुभ्र रांगोळी. मी सगळ्यात पुढे होते. आत सोफ्यावर ती दुसरी टायपिस्ट बसली होती, शेजारी तिची आई, वडील आणि भाऊ. चौघं, थेट भिंतीवरच्या त्रिकोणातली. आणखी दोन-तीन ऑफिसर होते. टेबलावर बशा मांडलेल्या होत्या आणि साहेबांची बायको माझ्या मागे बघत होती. मी वळून पाहिलं. आमची माणसं दारापासून खालच्या मजल्यापर्यंत जिन्यात उभी होती. पोरं कठड्यावरून वाकत होती. समोरच्या फ्लॅटचं दार उघडून कोणीतरी बघत होतं. साहेबांच्या चेहऱ्यावर हसू होतं, पण ते तसंच अडकून बसलं होतं.

बिग बॉस उठून पुढे आले. पाच फुटांचे, वाळके, आवाज एवढा हळू की कान द्यावा लागे. त्यांनी जिन्यात नजर टाकली आणि मला विचारलं, "ऑल धिस इज युवर फॅमिली?"

ते रागावले होते की नुसतं कौतुकाने विचारत होते, हे मला तेव्हाही कळलं नाही आणि आजही सांगता येणार नाही. सोफ्यावरच्या चौघांकडे माझी नजर गेली. आणि आयुष्यात पहिल्यांदा मनात न जुळवता इंग्रजी वाक्य माझ्या तोंडून सरळ बाहेर पडलं.

"नो सर. ओन्ली फोर."

वर हात करून मी चार बोटंही दाखवली.

मोठेबाबा माझ्या मागेच उभे होते. त्यांना इंग्रजीचं अक्षर येत नव्हतं. बोटं मात्र कोणालाही मोजता येतात. त्यांनी माझ्या हाताकडे पाहिलं, मग बाबांकडे, आईकडे, भावाकडे आणि शेवटी माझ्याकडे. चार झाले.

"चला," ते जिन्याकडे वळून म्हणाले. "खाली गाडीत बसू. वर हवा न्हाय."

वळायला जागा नव्हती म्हणून खालच्या पायरीवरची आधी उतरली, मग त्यांच्या वरची, आणि मोठेबाबा सगळ्यांच्या शेवटी. मोठ्याने पुढे जायचं, ही आमची रीत. त्या दिवशी ते सगळ्यांच्या मागून गेले. भाताचं गाठोडं त्यांच्या हातातच होतं. पायांचे आवाज खाली जाईपर्यंत मी दारात उभी होते.

आम्ही चौघं आत बसलो. साहेबांच्या बायकोने विचारलं, ते लोक कोण होते? मी म्हटलं, गाववाले, टेंपो इकडेच येत होता. बाबांनी बशीला हात लावला नाही. आईने पदराने तोंड पुसल्यासारखं केलं, पण तिने काही खाल्लंच नव्हतं. साहेब आता मोकळे झाले होते. बिग बॉसना आमची ओळख करून देत म्हणाले, "नाइस स्मॉल फॅमिली." मीही हसले.

परतताना टेंपोत एक पोर रडत होतं, त्याला तहान लागली होती. मोठेबाबा ड्रायव्हरशेजारी बसले होते. घरी उतरल्यावर त्यांनी बाबांना एवढंच विचारलं, "पोरीचं काम झालं का?" त्यांनी मला चार शिव्या हासडल्या असत्या तर बरं झालं असतं.

काम झालं. पंधरा दिवसांनी साहेबांनी माझंच पत्र मला टाईप करायला दिलं. ती दुसरी मुलगी गेली. जाताना साहेबांना म्हणाली, "नो बिग डील, सर," आणि बाथरूममध्ये जाऊन रडली. मी पत्र घेऊन मोठेबाबांच्या पाया पडले. "ब्येस झालं," ते म्हणाले आणि डोक्यावर हात ठेवला. त्या रविवारचा विषय मी काढला नाही, त्यांनीही काढला नाही. वहीत मी 'स्मॉल फॅमिली' लिहिलं आणि अर्थाच्या जागेपाशी पेन धरून बसले. मग वही मिटून ठेवली. त्यानंतर मी त्यात काही लिहिलं नाही.

सहा-सात वर्षं गेली. माझं लग्न झालं. नेरूळला आम्ही दोघांनी एक खोली आणि स्वयंपाकघर एवढा फ्लॅट घेतला, तोही दुसऱ्याच मजल्यावर. घरभरणी ठरली तेव्हा बोलावणं करायला मी कोणाला पाठवलं नाही. शिरवण्यात घरोघर स्वतः फिरले. शेवटी मोठेबाबांकडे गेले. ते आता थकले होते, पण ओटीवरची जागा तीच होती.

"मोठेबाबा, रविवारी यायचं हां सगळ्यांनी," मी म्हटलं. "घर छोटंसंच आहे. फार काही नाही केलेलं."

आपण हे काय बोललो, ते मला बोलून झाल्यावर कळलं. बोलावताना तसंच बोलायचं असतं, म्हणून जिभेवर आलं. मोठेबाबांनी मान हलवली. "येतो," ते म्हणाले.

रविवारी साठ माणसांचा स्वयंपाक केला. शेजाऱ्यांकडून टोप आणले, गॅलरीत सतरंज्या घातल्या. नवरा म्हणाला, एवढी माणसं बसणार कुठे? मी म्हटलं, उभी राहतील, पण घर भरलं पाहिजे. बारा वाजले. साडेबारा झाले. मी दहा वेळा दारात जाऊन आले. एक वाजत आला तेव्हा जिन्यावर पावलं वाजली.

मोठेबाबा होते. त्यांच्या मागे मोठी आई, माझा चुलतभाऊ आणि वहिनी. मोठेबाबांच्या हातात फडक्यात बांधलेलं भात होतं. त्या रविवारचंच ते फडकं मी ओळखलं. त्यांच्या मागे जिना रिकामा होता.

"बाकीची कुठेयत?" मी विचारलं. "मी सगळ्यांना सांगितलं होतं."

"आलीत ना. खाली टेंपोत हायेत." ते उंबऱ्याच्या बाहेरच उभे होते. "आमी चौघंच वर आलो. बिल्डिंगीत चारांचीच पद्धत हाय ना?"

मी त्यांच्या तोंडाकडे बघत राहिले. टोमणा असता तर मला सोसला असता. मला तो शोधूनही सापडेना. एवढी वर्षं त्यांनी हे खरंच असं धरून ठेवलं होतं, की मला तोंड दाखवायला जागा राहावी म्हणून ते असं म्हणत होते? मला कळलं नाही. विचारायची हिंमतही झाली नाही.

"तू बोलशील तर बोलावतो," ते म्हणाले. "ऊन लय हाय खाली. पोरं हायेत."

मी त्यांच्या हाताला धरून त्यांना आधी आत घेतलं, कोपरा दाखवला आणि तशीच अनवाणी जिना उतरून खाली टेंपोकडे पळाले.